गोदावीराचे वडील हयात आहेत

कारभारी अण्णा आहेर यांना ठार मारावं अशी पगाऱ्यांची मुळात इच्छा नव्हती. पण सलग तीन वर्षं, सव्वीस जानेवारीच्या संध्याकाळी, ते अण्णांना ठार मारत आले होते, आणि लोक टाळ्या वाजवत होते. सोसायटीत एखादी गोष्ट दोनदा झाली की तिला परंपरा म्हणतात. तीनदा झाली की तिला हात लावायला सर्वसाधारण सभा बोलवावी लागते.

बुद्धभूषण पगारे पाटबंधारे खात्यात वरिष्ठ लिपिक होते आणि नाशिकच्या सिडकोतल्या आपल्या सोसायटीचे एकमेव साहित्यिक होते. सोसायटीत दरवर्षी सव्वीस जानेवारीला सकाळी झेंडा, दुपारी संगीत खुर्ची आणि संध्याकाळी गच्चीवर नाटक असा कार्यक्रम असे. त्या काळात मुलं टीव्हीवर परदेशी महानायक बघून पाण्याच्या टाकीवरून उड्या मारू लागली होती. उडायचंच असेल तर निदान मराठीत उडा, असा सांस्कृतिक विचार करून पगाऱ्यांनी नव्याण्णव साली गोदावीर निर्माण केला.

गोदावीर गळ्यात शेंदरी टेबलक्लॉथ बांधून गंगापूर धरणाच्या भिंतीवरून झेप घेतो आणि डॉक्टर कर्कश या खलनायकाशी लढतो. हा कर्कश एक अवाढव्य भोंगा लावून अख्ख्या नाशिकला बहिरं करायला निघालेला असतो. गोदावीर व्हायचा पगाऱ्यांचा मुलगा मयूर. कर्कश व्हायचे दुसऱ्या मजल्यावरचे यादव सर. ते घरी रसायनशास्त्राचे क्लास घेत, त्यामुळे त्यांना या भूमिकेसाठी वेगळी तालीम लागत नसे.

आणि गोदावीराचे वडील अण्णा. जकात नाक्यावरचा प्रामाणिक कारकून. लाच नाकारतो, म्हणून कर्कशचा ट्रक त्याच्या अंगावर जातो आणि त्या दुःखातून मुलाच्या अंगी उडण्याची शक्ती येते.

अण्णा एसटीतून वाहतूक नियंत्रक म्हणून निवृत्त झाले होते. आयुष्यभर कर्ण्यावरून गाड्या पुकारलेल्या. ते 'बाळा, मी चाललो' म्हणत, तेव्हा मालेगावला जाणारा माणूस पिशवी उचलून उभा राहील असा तो आवाज लागत असे. ट्रकखाली आल्यावरही ते लगेच मरत नसत. आधी गुडघ्यावर येत, मग एका कोपरावर, मग मान कलंडे, लोक सुस्कारा सोडत, आणि अण्णा पुन्हा डोळे उघडून आणखी एक वाक्य बोलत. तेवढ्यात खाली कोणी चहा टाकला असता तर उकळून, गाळून वर आला असता.

त्यानंतर पडद्यावर अण्णांचा हार घातलेला फोटो लागे आणि त्याच्यासमोर मयूर दोन पानी स्वगत म्हणे. 'बाबा, तुमच्याविना हे आकाशसुद्धा मला अपुरं पडतं' अशी त्याची सुरुवात होती. पगाऱ्यांच्या मते मराठी बालरंगभूमीवर एवढं उत्कट लेखन झालं नव्हतं. दुसऱ्या दिवशी जिन्यात भेटणारे लोक मात्र म्हणत, "काय मेले हो अण्णा काल." स्वगताबद्दल आजवर एकाच माणसाने अभिप्राय दिला होता. तो माईकवाला होता, आणि स्वगतात बॅटरी उतरते असं त्याचं म्हणणं होतं.

फोटो खरा होता, अण्णांच्या पेन्शनच्या ओळखपत्रावरून मोठा करून घेतलेला. हारही चांगला चंदनाच्या सालींचा. नाटक संपलं की फोटो हारासकट सोसायटीच्या ऑफिसात, पाण्याच्या पंपाच्या बटणावर टांगला जाई. पंप चालू करण्याचं काम अण्णांकडेच होतं. रोज सकाळी ते स्वतःच्या हार घातलेल्या फोटोखाली उभं राहून बटण दाबत आणि वर जाऊन नाश्ता करत. यशोदाबाई, म्हणजे त्यांची बायको, दरवर्षी म्हणायच्या, "तेवढा हार तरी काढा." अण्णांचं उत्तर ठरलेलं, "पुढच्या सालाला परत घालायचाच आहे ना."

दोन हजार एकच्या दिवाळीनंतर अण्णांच्या छातीत कळ आली. ऑपरेशन झालं, ते नीट पार पडलं आणि अण्णा घरी आले. डॉक्टरांनी खोकताना छातीशी उशी धरायला सांगितली होती. अण्णा ती बोलतानाही धरत, त्यामुळे उशी त्यांच्याकडे दिवसभर असे.

याच सुमारास चांदवडकडचा, अण्णांच्या गावचा एक माणूस कामासाठी नाशकात आला. अण्णांच्या ऑपरेशनचं त्याला कळलं होतं. भेटून जावं म्हणून तो सोसायटीत शिरला आणि फ्लॅट नंबर विचारायला ऑफिसच्या खिडकीशी गेला. ऑफिस बंद होतं. जाळीतून त्याला अण्णांचा हार घातलेला फोटो दिसला. खाली पंपाचा तांबडा दिवा मिणमिणत होता. तो समईसारखा दिसतो हे आजवर कोणाच्या लक्षात आलं नव्हतं.

तो माणूस वर गेला नाही. असल्या प्रसंगी एकट्याने जायचं नसतं, भावकीबरोबर जायचं असतं, एवढी रीतभात त्याला होती. त्याने कोपऱ्यावरच्या एसटीडी बूथमधून गावी फोन केला.

दुसऱ्या दिवशी सकाळी सोसायटीसमोर जीप थांबली. अण्णांची थोरली बहीण गोजराबाई खाली उतरल्या त्या हंबरडा फोडतच. मागे सहा-सात माणसं, त्यांत तो फोन करणाराही, आणि सगळ्यांत मागे डोक्यावर टोपली घेतलेली एक बाई. टोपलीत पिठलं-भाकरी होती. मयताच्या घरी चूल पेटत नाही, म्हणून नातलगांनी कडू घास घेऊन जायचा असतो, तो घेऊन मंडळी आली होती. गोजराबाई जिन्याच्या प्रत्येक वळणावर थांबून भावाचा एकेक गुण आठवत होत्या. तिसऱ्या मजल्यापर्यंत पोचेपर्यंत अण्णांमध्ये एवढे गुण होते हे सोसायटीला प्रथमच कळलं.

दार अण्णांनीच उघडलं. छातीशी उशी.

"काय गं आक्का," ते म्हणाले, "कोण गेलं?"

गोजराबाईंचा हंबरडा अर्ध्यात थांबला. त्यांनी भावाकडे पाहिलं, उशीकडे पाहिलं, मागे वळून गावच्या त्या माणसाकडे असं पाहिलं की तो जिन्याच्या दोन पायऱ्या आपोआप खाली गेला.

"मेल्या," गोजराबाई म्हणाल्या, "मंग हे पिठलं कोणासाठी आणलं आम्ही?"

यावर जिन्यातच गंभीर खल झाला. कडू घास घरच्यांनी खायचा असतो हे सर्वमान्य होतं. पण घरच्यांत खुद्द मयत धरायचा का, याला कशात उत्तर नव्हतं. मयत जेवायला बसेल हे रीत घालून देणाऱ्या पूर्वजांना सुचलंच नसावं. अण्णांनी मात्र ऑपरेशनपासून बिनमिठाचा दलियाच खाल्लेला होता. पिठल्याचा वास आल्यावर त्यांनी टोपली आत घ्यायला लावली आणि स्वतःच्या मयताच्या दोन भाकरी कांद्याबरोबर खाल्ल्या. शेजाऱ्यांना ही गंमत पुढे महिनाभर पुरली.

यशोदाबाईंना ती गंमत वाटली नाही. त्या संध्याकाळी पगाऱ्यांच्या घरी आल्या. पगाऱ्यांची बायको तृप्ती शाळेच्या वह्या तपासत होती, तिने खुर्ची दिली. यशोदाबाई बसल्या नाहीत.

"भाऊ," त्या पगाऱ्यांना म्हणाल्या, "यंदा ह्यांना मारू नका."

"अहो वहिनी, नाटकच ते."

"नाटकच हाय, मला काय कळत नाय का? मी शकुन-अपशकुन मानत नाय. पण दवाखान्यात काचंतून बघत होते मी. डोळे मिटून पडलेले, तुमच्या नाटकात पडतात अगदी तसे. मला आपलं वाटायचं, आता पडदा पडंल आन् उठतील. पडदाच पडंना, भाऊ. तीन दिवस."

पगाऱ्यांनी तीच खुर्ची पुन्हा पुढे केली. ते म्हणाले, "मग यंदा अण्णांना विश्रांती देऊ. वडिलांचं काम दुसऱ्या कोणाला–"

"ते ऐकतील? आत्ताच आरशासमोर मरून बघत होते. मी असताना दुसरा कोण मरतो बघतोच, म्हणतात. त्यांना काढलंत तर त्या दुःखानं जातील, आन् ठेवलंत तर मी जाईन. तुम्ही लिहिणारे. काढा काहीतरी."

त्या गेल्यावर पगारे म्हणाले, "म्हणजे वडील जिवंत ठेवायचे."

"ठेवा की," तृप्ती वहीवर लाल रेघ ओढत म्हणाली.

"ठेवा की काय? दुःख गेलं तर गोदावीर उडेल कसा? आणि माझं स्वगत?"

"हां," तृप्ती म्हणाली. "स्वगत."

तो शब्द तिने एवढ्या हळुवारपणे उच्चारला की पगाऱ्यांना रात्रभर टोचत राहिला.

रविवारी ऑफिसात सभा भरली. फोटो एव्हाना यशोदाबाईंनी स्वतःच्या हाताने उतरवून नेला होता, तिथे भिंतीवर एक पांढरा चौकोन राहिला होता. सेक्रेटरी जयराम शेवाळे कोर्टातून शिरस्तेदार म्हणून निवृत्त झाले होते आणि सोसायटीचं इतिवृत्त ते निकालपत्रासारखं लिहीत. नाटकाला सोसायटीचा निधी लागतो, म्हणून पहिल्या वर्षी त्यांनी कथानकालाही रीतसर मंजुरी घेतली होती. 'गोदावीर याचे वडील ट्रकखाली सापडून मयत झाले, असे सर्वानुमते ठरले', असा ठरावच होता.

"मयत इसमास हयात करणे या सभेच्या कक्षेत येत नाही," शेवाळे म्हणाले.

"अहो, गोष्ट माझी आहे," पगारे म्हणाले.

"होती. ठराव झाला तेव्हा ती सोसायटीची झाली."

यादव सरांचा आक्षेप शास्त्रीय होता. "आत वाफ कोंडल्याशिवाय कुकरची शिट्टी होत नाही, पगारे. तुमच्या हिरोला घरी वडील, गरम भाजी, झोपायला गादी. मग तो माझ्याशी का भांडेल? मी माझ्या भूमिकेच्या दृष्टीने विचारतोय. आणि मी तीन वर्षं एवढ्या मेहनतीने ट्रक चालवला तो काय?"

खुद्द मयूरही फिरला. "बाबा, वडील असले तर ते रात्री उडायला सोडणारच नाहीत. तुम्ही मला क्रिकेटला सातनंतर सोडत नाही."

पगाऱ्यांनी मग वैचारिक भूमिका घेतली. ते म्हणाले, "हे बघा, जगात दुःख आहे, हे भगवान बुद्धांनी सांगितलं. दुःखाला कारण आहे, हेही सांगितलं. पण दुःख घालवता येतं, हेसुद्धा त्यांनीच सांगितलं. तुम्ही सगळे पहिलं वाक्य ऐकून उठून आलात." हे वाक्य त्यांनी घरी दोनदा म्हणून पाहिलं होतं. सभेने ते शांतपणे ऐकून घेतलं आणि चहा मागवला.

तेव्हा दाराशी उभी असलेली तृप्ती म्हणाली, "माझ्या मामेभावाचे आईवडील तो चौथीत असताना गेले. तो उडत नाही. सातपूरला कंपनीत रात्रपाळी करतो. त्याला विचारा, वडील असते तर बरं झालं असतं की वाईट."

यादव सर कपातल्या सायीकडे बघू लागले. शेवाळ्यांनासुद्धा मनातून अण्णा जगायला हवे होते, पण ठराव आडवा येत होता. त्यांनी चष्मा पुसला, घातला आणि अचानक त्यांच्या चेहऱ्यावर कोर्टातलं तेज आलं.

"पंचनामा झाला होता का?"

"कसला?"

"अपघाताचा. नाटकात. शवविच्छेदन? डॉक्टरने तपासल्याचा दाखला?"

"नाही बुवा. त्यानंतर लगेच स्वगत सुरू होतं."

"मग मयत कशावरून म्हणता?"

"अहो, दोनशे माणसांनी पाहिलं. तीन वर्षं पाहिलं."

"काय पाहिलं? इसम पडलेला पाहिला. पडणं म्हणजे मरणं नव्हे. प्रेत कुठे गेलं, कोणी सांगू शकेल? पडदा पडला आणि इसम उठून गेला. तोही मी पाहिलाय, वडे खाताना. कायद्याने हा इसम बेपत्ता ठरतो. बेपत्ता इसम मयत धरायला सात वर्षं लागतात. अजून झालेली नाहीत." शेवाळ्यांनी पेन उघडलं. "सबब, इसम परत आल्यास सोसायटीची हरकत नाही."

कायदा इतका दयाळू असू शकतो हे पगाऱ्यांना तेव्हा पहिल्यांदा कळलं. आता एकच माणूस राजी व्हायचा होता.

"म्हणजे माझं काम काढून घेताय," अण्णा उशी आवळून म्हणाले.

"काढत नाही अण्णा, वाढवतोय. आता पहिल्यापासून शेवटपर्यंत तुम्ही स्टेजवर."

"काय करायला?"

"जगायला."

"त्यात काय काम आहे? जगतात तर सगळेच."

पगारे स्वभावाने चतुर नव्हते, पण स्वगत गमावलेला लेखक काहीही करू शकतो. ते उठत म्हणाले, "खरंय. मरणं तुमच्यासारखं कोणाला जमत नाही. जगणं जमेल का, अशी यादव सरांना पण शंकाच होती."

"बसा," अण्णा म्हणाले. "यादव काय म्हणाले?"

सव्वीस जानेवारीच्या संध्याकाळी गच्चीवर कडाक्याची थंडी होती. लोक मफलर, शाली आणि सोलापुरी चादरी गुंडाळून बसले होते. पुढच्या रांगेत यशोदाबाई. पगारे विंगेत, म्हणजे पाण्याच्या टाकीमागे, संहिता घेऊन उभे होते. तिचा उपयोग पहिल्या पाच मिनिटांत संपला. अण्णांना आजवर एकदाच मरायची सवय. एवढा वेळ जिवंत राहायचं तर मधे काय करायचं ते संहितेत पुरेसं नव्हतं, म्हणून ते घरच्यासारखे वागू लागले.

गोदावीर धरणावर निघाला, तर अण्णांनी त्याला थांबवून टेबलक्लॉथच्या आत स्वेटर घालायला लावला. "वर गार लागतं." तो झेप घेणार तेवढ्यात त्यांनी विचारलं, "परत किती वाजता?" गोदावीर गोंधळून म्हणाला, "नाशिक वाचवून येतो." अण्णा म्हणाले, "नाशिक काय पळून जातंय? नऊच्या आत ये." मागच्या चादरीतून हशा उसळला. डॉक्टर कर्कश भोंगा घेऊन आला, तर अण्णांनी त्याच्याकडे जकातीची पावती मागितली आणि पावती नाही म्हटल्यावर भोंगा नाक्यावर जमा करून घेतला. तीन वर्षं जी लढाई टेबलक्लॉथ फाटेपर्यंत चालायची, ती इथे संपायला आली. यादव सर घामाघूम होऊन टाकीकडे बघत होते आणि पगारे संहितेची पानं उगाच उलटत होते.

पण यादव सर जिद्दीचे. त्यांनी भोंगा हिसकावला आणि नेहमीप्रमाणे गडगडाटी हसून म्हणाले, "म्हाताऱ्या, आता तुला कोण वाचवतो?"

आणि अण्णांचा हात छातीवर गेला.

ते एक पाऊल मागे सरकले. हात छातीवर तसाच. चेहरा विचारात पडल्यासारखा.

हे संहितेत नव्हतं, हे पगाऱ्यांना ठाऊक होतं आणि त्यांना कोणी विचारायच्या आत सगळ्यांनाच कळलं होतं. यादव सरांचा भोंगा खाली आला. मयूर "आजोबा" म्हणाला, गोदावीर असल्याचं विसरून. पगाऱ्यांना वाटलं, हे आपण केलं. तीन वर्षं ज्याला हौसेने मारला तो आज, नेमका वाचवायला गेलो तेव्हा. पहिल्या रांगेत यशोदाबाई उभ्या राहिल्या होत्या. त्यांना पुढे जाता येत नव्हतं आणि बसताही येत नव्हतं.

अण्णांचा हात सदऱ्याच्या आतल्या खिशात चाचपडत राहिला, आणखी आत गेला आणि एक छोटी डबी घेऊन बाहेर आला. त्यांनी डबी उघडली, तळहातावर बडीशेप घेतली, तोंडात टाकली आणि डबी कर्कशपुढे धरली.

"घ्या. फार ओरडता, घसा बसेल."

यादव सरांनी ती घेतली. डॉक्टर कर्कशने नाशिक बहिरं करण्याचा बेत त्याच क्षणी सोडून दिला, कारण त्याला दुसरं काही बोलताच येईना. तो भोंग्यावर बसून बडीशेप चघळू लागला. दोनशे माणसांनी एकदम श्वास सोडला, त्याची थंडीत वाफ दिसली. मग टाळ्या सुरू झाल्या. अण्णांच्या कुठल्याही मरणाला एवढ्या टाळ्या पडल्या नव्हत्या.

टाळ्यांनी अण्णांना जोर आला. ते पुढे येऊन गोदावीराला नाक्यावरच्या नोकरीतले अनुभव सांगू लागले. नाटक संपण्याची चिन्हं दिसेनात. शेवटी पहिल्या रांगेतूनच आवाज आला.

"अहो, पुरे आता." यशोदाबाई पदराने डोळे पुसत होत्या, पण आवाज खणखणीत होता. "गोळीची वेळ झाली. त्या पोरालाही घेऊन या, गारठलंय ते."

अण्णा बोलायचे थांबले. त्यांनी प्रेक्षकांकडे पाहिलं, मग गोदावीराकडे.

"चल बाळा," ते म्हणाले. "तुझी आई बोलावतेय."

गोदावीराला आई आहे, हे पगाऱ्यांनी कुठेही लिहिलेलं नव्हतं. त्यांनी धसकून शेवाळ्यांकडे पाहिलं. शेवाळ्यांनी डोळे मिटून तीन वर्षांची सगळी इतिवृत्तं मनातल्या मनात चाळली. ठरावात वडिलांचा उल्लेख होता, आईचा कुठेच नव्हता. ती मयत असल्याचं कोणी म्हटलं नव्हतं. खरं म्हणजे तिच्याबद्दल कोणी विचारलंच नव्हतं. शेवाळ्यांनी डोळे उघडले आणि हरकत नसल्याची मान हलवली.

मयूरने टेबलक्लॉथची गाठ सोडली, त्याची घडी करून काखेत धरली आणि तो अण्णांचं बोट धरून स्टेजवरून उतरला. यशोदाबाईंनी दोघांना आपल्या शालीत घेतलं आणि जिना गाठला. स्टेजवर एकटा डॉक्टर कर्कश उरला.

"पगारे," तो भोंग्यावरून वाकून कुजबुजला, "मी काय करू?"

पगाऱ्यांनी हातातल्या संहितेकडे पाहिलं. तिच्यात या प्रसंगाला एक ओळ नव्हती, आणि आश्चर्य म्हणजे त्याचं त्यांना काहीच वाटलं नाही.

"तुम्हीही घरी जा, सर," ते म्हणाले. "जेवायला थांबले असतील."